ठाणे: पागडीच्या घराचा निकाल विरोधात गेला, अपिलाचं कसं असतं?

चरईकर_धाकटा | १५ डिसेंबर, रात्री ११:४०

मंडळी, जरा लांबण लागेल, पण सगळं सांगतो.

चरईत आमचं पागडीचं घर आहे, म्हणजे सुरुवातीला एकरकमी पैसे देऊन नाममात्र भाड्यावर घेतलेलं. पहिला मजला, दोन खोल्या आणि गॅलरी, संडास जिन्याजवळ सामायिक. आजोबांनी १९६३ साली घेतलेलं. भाडं महिना १६५ रुपये. मालकांनी १८ जून २०१६ रोजी दावा लावला. कारणं दोन: मुलाच्या लग्नामुळे त्यांना स्वतःला जागेची गरज आहे, आणि आम्ही सहा महिन्यांहून जास्त काळ घर वापरातच ठेवलं नाही. नऊ वर्षं तारखा झाल्या आणि १२ नोव्हेंबरला निकाल लागला. दोन्ही मुद्दे आमच्या विरोधात. दोन महिन्यांत ताबा द्या असा हुकूम आहे.

घर बंद होतं हे खोटं नाही. ऑगस्ट २०१५ मध्ये बाबा जिन्यात पडले, खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशननंतर जिना चढणं शक्यच नव्हतं, म्हणून डोंबिवलीला आत्याकडे ठेवलं. आई आधीच गेलेली, मी तेव्हा पुण्यात नोकरीला. १४ फेब्रुवारी २०१६ ला बाबा परत आले. उलटतपासणीत मालकांच्या वकिलांनी विचारलं, "घराला कुलूप होतं हे खरं आहे का?" बाबा सरळ माणूस, म्हणाले, "होतं की." झालं. निकालात ते वाक्य अवतरणचिन्हांत छापून आलंय.

आमच्या वकीलसाहेबांचं वय झालंय, ते म्हणतात अपील दुसऱ्या कुणाला द्या. निकालाची नक्कल ३ डिसेंबरला हातात मिळाली. तीस दिवस म्हणजे २ जानेवारी. मधे नाताळची सुट्टी आहे, तेव्हा कोर्ट उघडलं की निवांत दाखल करू असा विचार आहे. शिवाय ताबा द्यायला १२ जानेवारीपर्यंत वेळ आहेच. अपिलात नेमकं काय होतं? पुन्हा साक्षी होतात का? बाबांना (वय ८१) पुन्हा पिंजऱ्यात उभं करायचं नाहीये.

सडेतोड_बंड्या | १५ डिसेंबर, रात्री ११:५८

कशाला घाबरता? बारा वर्षं राहिलं की जागा राहणाऱ्याची होते. तुम्ही तर साठ वर्षं आहात. हेच सांगा कोर्टात.

काळाकोट | १६ डिसेंबर, सकाळी ७:१५

बंड्याभाऊ, हे कृपा करून कोर्टात सांगू नका. भाडेकरू मालकाच्या परवानगीने राहतो, त्याचा कब्जा मालकाविरुद्ध धरला जात नाही. बारा काय नि बासष्ट काय. उलट "आम्हीच मालक" म्हणायला गेलात तर भाडेकरू म्हणून जे संरक्षण आहे तेही घालवून बसाल.

चरईकर, मी ठाण्यातच वकिली करते. सविस्तर संध्याकाळी लिहिते. आत्ता एकच विचारते: नक्कल मिळाली ३ तारखेला, पण नकलेच्या मागच्या पानावर शिक्का असेल, त्यावर तीन तारखा असतात. त्या तिन्ही इथे टाका. लगेच.

चरईकर_धाकटा | १६ डिसेंबर, सकाळी ९:०२

अर्ज दिला १४ नोव्हेंबर. तयार झाली २४ नोव्हेंबर. दिली ३ डिसेंबर. मधले दिवस मी ऑफिसच्या कामाला चेन्नईला होतो, म्हणून आणायला उशीर झाला.

निवृत्त_नाझर | १६ डिसेंबर, सकाळी ९:२०

अहो, मग २ जानेवारी विसरा! मी छत्तीस वर्षं कोर्टात काढली, त्यातली बरीच नक्कल विभागात आणि शेवटची नाझर, म्हणजे वॉरंट आणि बेलिफ सांभाळणारा अधिकारी, म्हणून. ही चूक दर महिन्याला एक तरी पक्षकार करायचा.

तीस दिवस निकालाच्या तारखेपासून मोजायचे, नक्कल हातात पडल्यापासून नव्हे. नक्कल तयार व्हायला जेवढे दिवस लागले तेवढे वजा मिळतात. म्हणजे अर्ज १४ ला, तयार २४ ला, हे अकरा दिवस माफ. २४ पासून ३ पर्यंत ती आमच्या कपाटात पडून होती, ते दिवस तुमच्या खात्यावर. निकाल १२ नोव्हेंबर, तीस दिवस म्हणजे १२ डिसेंबर, अधिक अकरा म्हणजे २३ डिसेंबर. नाताळची सुट्टी त्याच्यानंतर लागते. मुदतीचा शेवटचा दिवस सुट्टीत पडला असता तर कोर्ट उघडेल त्या दिवशी चाललं असतं. तुमचा सुट्टीच्या आधीच पडतो.

आणि ते दोन महिने ताबा देण्यासाठी आहेत, अपिलासाठी नव्हेत. दोन्हींचा एकमेकांशी काही संबंध नाही.

चरईकर_धाकटा | १६ डिसेंबर, सकाळी ९:३१

बाप रे. काका, हात थरथरायला लागले. २३ म्हणजे सातच दिवस.

निवृत्त_नाझर | १६ डिसेंबर, सकाळी ९:४०

सात पुष्कळ झाले. आज वकीलपत्रावर सही करा. उशीर झालाच तर माफीचा अर्ज देता येतो, तो मंजूरही होतो कधी कधी, पण मग आधी त्या अर्जावर समोरच्याचं म्हणणं, मग युक्तिवाद, आणि तोवर तुमचं अपील नंबरालाच लागत नाही. मधल्या काळात मालक दरखास्त लावतात, म्हणजे निकालाची अंमलबजावणी मागतात. डिक्री (कोर्टाचा ताब्याचा हुकूम) दोन वर्षांच्या आतली असेल तर दरखास्तीत तुम्हाला आधी नोटीस द्यायलाच हवी असंही नाही. थेट ताबा वॉरंट निघतं आणि सकाळी दारात बेलिफ. मी पाठवलेत ना बेलिफ, म्हणून सांगतो.

नेरूळची_मावशी | १६ डिसेंबर, दुपारी १:१०

वाचतेय. धाग्याच्या मालकांची माफी मागून एक मधेच विचारते. आमचा नेरूळचा फ्लॅट अकरा महिन्यांच्या करारावर दिलाय, करार ऑगस्टमध्ये संपला, माणूस हलत नाही. आम्हालाही असं नऊ वर्षं?

काळाकोट | १६ डिसेंबर, दुपारी २:०५

मावशी, तुमचा रस्ता वेगळा आणि बराच जवळचा. करार लिव्ह अँड लायसन्सचा आणि नोंदवलेला असेल तर भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम २४ खाली सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करा. समोरच्याला समन्स मिळाल्यापासून तीस दिवसांत बचावाची परवानगी मागावी लागते, नाही मागितली तर हुकूम होतो. मुदत संपल्यानंतर राहिला त्या काळासाठी दुप्पट दराने पैसे. त्या हुकुमावर अपील नाहीच, फक्त नव्वद दिवसांत पुनरीक्षण, ते बेलापूरला कोकण भवनात चालतं. करार नोंदवलेला नसेल तर मात्र वेगळी डोकेदुखी, कारण नोंदणीची जबाबदारी मालकाचीच आहे. वेगळा धागा काढा, तिथे लिहीन.

काळाकोट | १६ डिसेंबर, रात्री ९:३०

आता चरईकरांचं.

महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम १९९९, अंमल ३१ मार्च २००० पासून. मुंबईत लघुवाद न्यायालयाच्या निकालावर त्याच न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांच्या पीठापुढे अपील जातं. ठाण्यात तुमचा दावा कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांकडे चालला, म्हणून कलम ३४ प्रमाणे अपील जिल्हा न्यायालयात. म्हणजे कोर्ट नाकाच.

तुमच्या मुख्य प्रश्नाचं उत्तर: साक्षी पुन्हा होत नाहीत, बाबांना कुणी बोलावणार नाही. खालच्या कोर्टाचं दप्तर वर मागवतात आणि त्यातलेच कागद, त्याच साक्षी पुन्हा वाचल्या जातात. पण *पूर्ण* वाचल्या जातात, हे लक्षात ठेवा. पुराव्यातून खालच्या न्यायाधीशांनी काढलेला निष्कर्ष जिल्हा न्यायाधीश बदलू शकतात. याच्यापुढे मात्र तसं नाही. कलम ३४ मध्येच लिहिलंय की अपिलाच्या निर्णयावर दुसरं अपील नाही. हायकोर्टात फक्त पुनरीक्षण अर्ज किंवा घटनेच्या अनुच्छेद २२७ ची याचिका. सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांनी २०१४ मध्ये हिंदुस्तान पेट्रोलियम विरुद्ध दिलबहार सिंग या प्रकरणात सांगून ठेवलंय की पुनरीक्षण म्हणजे पुरावा पुन्हा तोलण्याची जागा नव्हे. म्हणून मी पक्षकारांना सांगते, पुराव्याची गाडी ठाण्यालाच संपते. जे काढायचंय ते इथेच काढा.

म्हणून खालचं दप्तर आधी वाचायचं. अपिलाचा मसुदा नंतर. तुम्ही म्हणालात घर बंद असल्याचा पुरावा मालकांनी दिला. कशाचा दिला?

चरईकर_धाकटा | १६ डिसेंबर, रात्री १०:१२

लाइट बिलं. मीटर अजून मालकांच्या वडिलांच्या नावावर आहे, त्यामुळे त्यांनाच मिळाली. पुराव्यातला त्यांचा क्रमांक निशाणी ४१. सप्टेंबर २०१५ पासून मे २०१६ पर्यंतची नऊ बिलं एकत्र. निकालात लिहिलंय, "सप्टेंबरपासून विजेचा वापर नगण्य असून सहा महिन्यांहून अधिक काळ जागा वापरात नव्हती हे सिद्ध होते."

काळाकोट | १६ डिसेंबर, रात्री १०:१५

नऊही महिन्यांचे युनिट इथे टाका. मागचा पुढचा एकही न गाळता.

चरईकर_धाकटा | १६ डिसेंबर, रात्री १०:४४

सप्टें ३, ऑक्टो २, नोव्हें ०, डिसें ०, जाने १, फेब्रु १९, मार्च ३८, एप्रिल ६१, मे ६४.

निवृत्त_नाझर | १६ डिसेंबर, रात्री १०:५०

अरेच्चा.

काळाकोट | १६ डिसेंबर, रात्री ११:०५

नाझरकाकांना दिसलं. कलम १६(१)(न) मधले शब्द बघा: *दाव्याच्या तारखेच्या लगतपूर्वीचे* सलग सहा महिने, आणि तेही वाजवी कारणाशिवाय. दावा १८ जून २०१६ चा. मागे मोजत या, १८ डिसेंबर २०१५ पर्यंत. त्या सहा महिन्यांतले शेवटचे चार महिने तुमच्या घरात दिवा जळतोय, पंखा फिरतोय, आणि हे सांगणारा कागद मालकांनी स्वतः दाखल केलाय. मोडलेला खुबा ही वाजवी सबब आहे की नाही याच्यावर वेगळा वाद घालूच, पण इथे तर मुळात सलग सहा महिनेच भरत नाहीत. "कुलूप होतं" हे बाबांनी खरं सांगितलं, पण कधी ते कुणी विचारलंच नाही. तुमच्या वकिलांनी फेरतपासात विचारायला हवं होतं. असो.

हा मुद्दा अपिलात पहिला. आणि नवा पुरावा काहीच लागत नाही, हे सगळ्यात चांगलं. नवीन कागद अपिलात आणायचा तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम २७ चा अर्ज लागतो. तेव्हा का नाही दिला, आत्ता का, याची कारणं द्यावी लागतात. हॉस्पिटलचे कागद खाली दाखल केलेत का?

चरईकर_धाकटा | १६ डिसेंबर, रात्री ११:१९

नाही. 😔 फाइल आत्याकडे होती. कुणी मागितलीच नाही.

वाड्याचा_धनी | १७ डिसेंबर, सकाळी ८:३०

सगळे भाडेकरूच्या बाजूने बोलताहेत, म्हणून दुसरी बाजू मांडतो. मी नौपाड्यातल्या एका वाड्याचा मालक. सात भाडेकरू, सगळ्यांचं मिळून महिन्याचं भाडं अकराशेच्या आत. पालिकेचा कर आणि पावसाळ्याआधीची ताडपत्री यातच ते संपतं. मुलाच्या गरजेसाठी एका खोलीचा दावा लावला तेव्हा मुलगा सव्वीस वर्षांचा होता, आता त्याचा मुलगा शाळेत जातो. डिक्री झाली, भाडेकरू अपिलात गेला, स्टे मिळाला आणि तारखा सुरू. पूर्वी स्टे मिळाला की भाडेकरू निश्चिंत, जुनंच भाडं भरत दहा वर्षं काढायचा.

चरईकर, तुमच्या लाइट बिलाचा मुद्दा बरोबर आहे, मान्य. पण मालकाच्या मुलाच्या गरजेचं काय? दोन कारणांपैकी एक जरी टिकलं तरी घर जातं. आणि एक विचारतो, राग मानू नका. तुमचं स्वतःचं दुसरं घर आहे का?

चरईकर_धाकटा | १७ डिसेंबर, दुपारी १२:५५

आहे. बदलापूरला, वन बीएचके, २०१९ मध्ये घेतलं, कर्ज चालू आहे. पहिल्या पोस्टमध्ये लिहायला हवं होतं.

निकालात त्यावर दीड पान आहे. की भाडेकरूच्या मुलाकडे सोय आहे, भाडेकरूने दुसरी जागा शोधल्याचा कुठलाही पुरावा दिला नाही, त्यामुळे मालकाची अडचण जास्त. पण मालकांच्या मुलानेही २०२१ मध्ये घोडबंदर रोडला टू बीएचके घेतलाय! सगळ्या आळीला माहितीय. वास्तुशांतीचं जेवण आम्हीही जेवून आलो.

काळाकोट | १७ डिसेंबर, रात्री ९:४८

धनीसाहेबांनी दुखऱ्या जागी बोट ठेवलं, बरंच केलं. खरी लढाई इथेच आहे.

गरजेच्या कारणावर कलम १६(२) चा पहारा आहे: डिक्री दिल्याने भाडेकरूची अडचण जास्त की न दिल्याने मालकाची, हे तोलावं लागतं. तुमच्या बाजूच्या पारड्यात ८१ वर्षांचे बाबा, जवळचे डॉक्टर, साठ वर्षांची आळी. समोर बदलापूर. न्यायाधीश बदलापूर बघणारच. तेव्हा ते लपवू नका, उलट सांगा की ते घर २०१९ चं, कर्जाचं, तुमच्या नावावर, बाबांच्या नव्हे. पुरेसं ठरेल की नाही हे आत्ता कुणी सांगू शकत नाही, सांगितलं तर त्या वकिलाकडे जाऊ नका.

आता घोडबंदर. गरज मुळात दाव्याच्या तारखेला होती का हे बघतात. खटला लांबला म्हणून मालकाची गरज संपली असं धरता येत नाही, हे सुप्रीम कोर्टाने २००१ मध्ये गयाप्रसाद प्रकरणात सांगितलंय. नऊ वर्षं मुलाने लग्न करून काय फुटपाथवर राहायचं? पण नंतरच्या घटनेने गरज मुळापासूनच भागली असेल तर कोर्ट तिची दखल घेऊ शकतं. त्याला वास्तुशांतीचं जेवण चालत नाही. नोंदणी विभागाच्या साइटवरून त्या फ्लॅटची सूची क्रमांक दोन काढा. खरेदीदार कोण, मुलगा की त्याची बायको की सासरे, तारीख, चौरस फूट, सगळं त्यात मिळतं. तो कागद नियम २७ च्या अर्जासोबत. हॉस्पिटलची फाइलही त्याच अर्जात, पण तिला "तेव्हा का नाही दिली" हा प्रश्न येणारच. सूचीला तो कमी येईल, कारण घटनाच दाव्यानंतरची. अर्थात २०२१ ते २०२५ दावा चालूच होता हेही समोरचे म्हणतील.

स्थगितीचा अर्ज अपिलासोबतच लावा. नुसतं अपील दाखल केल्याने डिक्री थांबत नाही. मालकांनी कॅव्हेट टाकलं असेल हे धरून चाला, म्हणजे त्यांना ऐकल्याशिवाय काही मिळणार नाही.

आणि स्थगिती फुकट मिळत नाही. धनीसाहेब म्हणतात तो जमाना गेला. आत्माराम प्रॉपर्टीज, डिसेंबर २००४. सुप्रीम कोर्टाने सांगितलं की बेदखलीची डिक्री झाल्यापासून भाडेकरूला जुनं भाडं भरून चालणार नाही, जागा रिकामी असती तर मालकाला जे मिळालं असतं त्या हिशोबाने वाजवी रक्कम भरायला लावता येते. २००९ मध्ये सुपरमॅक्सच्या प्रकरणात महाराष्ट्राच्या भाडेकायद्यालाही ते लागू केलं. तेव्हा १६५ रुपये विसरा. मालक आजूबाजूचे नोंदवलेले करार घेऊन येतील, वीस-बावीस हजार मागतील. तुम्ही तुमचे करार न्या: बिनलिफ्टची इमारत, सामायिक संडास, वय काय, अशाच घरांचे. रिकाम्या हाताने गेलात तर कोर्टापुढे त्यांचाच आकडा असतो.

सडेतोड_बंड्या | १७ डिसेंबर, रात्री १०:०२

+१. माझं बारा वर्षांचं मागे घेतो.

निवृत्त_नाझर | १८ डिसेंबर, सकाळी ६:५०

एक लहानशी गोष्ट, पण महत्त्वाची. स्थगिती मिळाली की हुकुमाची नक्कल घेऊन खालच्या कोर्टात दरखास्तीच्या कामात स्वतः जाऊन दाखल करा. वरून खाली कागद आपोआप येतो या भरवशावर राहू नका. स्थगिती असूनही बेलिफ निघाल्याचं मी पाहिलंय, कारण कागद टेबलावर पोचलाच नव्हता. आणि देव न करो, पण अपील चालू असताना बाबांचं काही झालं तर नव्वद दिवसांत त्यांच्या जागी वारसांची नावं अपिलात लावून घ्या. हे लिहायला बरं वाटत नाही, पण लिहिलेलं बरं.

चरईकर_धाकटा | १९ डिसेंबर, संध्याकाळी ६:२०

आज अपील दाखल झालं. नंबर पडला. काळाकोट ताईंनी सुचवलेल्या वकिलांनी रात्री जागून मसुदा केला. निशाणी ४१ पहिल्याच मुद्द्यात. घरी येताना तलावपाळीवर बसून भेळ खाल्ली, आठवडाभरात पहिल्यांदा भूक लागली.

सूची क्रमांक दोन काढली. खरेदीदार म्हणून मुलगा *आणि* त्याची बायको, दोघांची नावं. ६४० चौरस फूट.

वाड्याचा_धनी | १९ डिसेंबर, रात्री ८:००

अभिनंदन. मनापासून. पण सांगून ठेवतो, आमच्यासारख्या मालकांशी एकदा मध्यस्थी केंद्रात बसून बघा. पुनर्विकासात जागा, नाहीतर रक्कम. माझ्या सातांपैकी दोघांचं तिथेच मिटलं. बाकीच्यांचं अजून चाललंय, आणि आमचे दोघांचेही केस पांढरे झालेत.

चरईकर_धाकटा | ८ जानेवारी, रात्री ९:१५

अपडेट. आज स्थगितीच्या अर्जावर हुकूम झाला. कॅव्हेट होतंच. मालकांनी चोवीस हजार मागितले, ढोकाळीच्या एका टॉवरमधल्या फ्लॅटचा करार जोडून. आमच्या वकिलांनी आमच्याच आळीतले तीन करार दाखवले आणि जिन्याचे फोटो. न्यायाधीशांनी जिन्याचा फोटो बराच वेळ हातात धरला. निकालाच्या तारखेपासून दरमहा साडेआठ हजार कोर्टात जमा करायचे, थकीत चार आठवड्यांत, पुढचे दर महिन्याच्या दहा तारखेच्या आत. जागा दुसऱ्या कुणाला देणार नाही असं हमीपत्र. एक हप्ता चुकला तर स्थगिती आपोआप रद्द. नियम २७ चा अर्ज अपिलाच्या सुनावणीबरोबर ऐकू म्हणाले. दप्तर मागवलंय, पुढची तारीख १७ फेब्रुवारी.

साडेआठ आणि बदलापूरचा हप्ता, दोन्ही जड जाणार आहेत. बहीण अडीच देते म्हणाली.

नाझरकाका, हुकुमाची नक्कल मिळाली की खाली स्वतः नेऊन देणार, तयार झाली त्याच दिवशी उचलणार.

बाबांना लाइट बिलाची गोष्ट सांगितली तेव्हापासून त्यांनी गॅलरीतला दिवा दिवसाही चालू ठेवायला सुरुवात केलीय. बंद केला की परत लावतात. म्हणतात, "पडू देत युनिट."

वाड्याचा_धनी | ८ जानेवारी, रात्री ९:४०

मीटर मालकाच्या नावावर आहे म्हणालात ना? बिल वेळेत भरा आणि पावत्या ठेवा, नाहीतर पुढच्या दाव्यात तेच येईल. 🙂